पन्नास ग्रॅम, कणभरही जास्त नाही

२ फेब्रुवारी, सकाळी ६.४०

आजपासून कामाला सुरुवात. गेल्या शंभर वर्षांत कोणत्याही दिवशी, कोणत्याही वजनाचं पत्र किंवा पार्सल कुठूनही कुठेही पाठवायला किती तिकिटं लागली असती, हे एका मिनिटात सांगणारी पद्धत मी तयार करतो आहे. अशी पद्धत आज जगात कुणाकडेही नाही. मी कसून चौकशी केली. (जावयाला विचारलं.)

दोनशे पानी, जाड पुठ्ठ्याची वही आणली. पहिल्या पानावर ‘दरग्रंथ’ असं नाव घातलं. मुदत पंधरा दिवस. टपाल कचेरीच्या तीन नंबरच्या खिडकीत चौतीस वर्षं बसलेल्या माणसाला पंधरा दिवस म्हणजे अंमळ जास्तच, पण हाताशी वेळ असलेला बरा.

सौ.ने विचारलं की हे हवंय कुणाला. मी म्हटलं, इतिहासाला. ती म्हणाली, मग इतिहासाच्या टेबलावर बसा, हे जेवायचं आहे.

२ फेब्रुवारी, दुपारी १२

रेघा मारल्या. दिवसाचं काम झालं.

३ फेब्रुवारी

रेघा तिरक्या आल्या आहेत. पट्टीच वाकडी होती. नवी पट्टी आणली. तीही वाकडी. हल्ली बाजारात धड वस्तूच मिळत नाहीत. दुकानदाराला तसं सांगितलं तर तो म्हणाला, काका, वही हलतेय. वही कशी हलेल?

५ फेब्रुवारी, दुपारी ४

सौ.ला तिच्या जावेचा फोन. माझा धाकटा भाऊ साईनबोर्ड रंगवायचं दुकान बंद करतो आहे. आता सगळे फ्लेक्स छापून घेतात, ब्रशला कुणी विचारत नाही. १ मार्चला नवराबायको मुलाकडे राहायला जाणार, दुसऱ्या शहरात, कायमची.

फोन ठेवून सौ. माझ्याकडे वळली. मग म्हणाली, दुकान इथून बारा मिनिटांवर आहे, एकदा जाऊन या, अठ्ठावीस वर्षं झाली आता. मी म्हटलं, सत्तावीस वर्षं आणि सात महिने. आकड्यांत ढिलाई मला खपत नाही.

प्रकरण पुन्हा एकदा लिहून ठेवतो, अगदी निःपक्षपातीपणे. त्या वर्षी ३० जूनला धाकट्याने नकाशे काढणाऱ्या एका मोठ्या कचेरीत नोकरीसाठी अर्ज पाठवला. सोबत पातळ कागदावर हाताने काढलेले सात नकाशे. पाकीट माझ्याच खिडकीवर आलं. मी स्वतः तोललं. पन्नास ग्रॅम, कणभरही जास्त नाही. तिकिटंही मीच लावली. पाकीट तिकडे पोचलं तर तिथल्या टपालवाल्यांच्या मते वजन पन्नासच्या वर. तिकिटं कमी म्हणून त्यांनी शिक्का मारला आणि घेणाऱ्याकडे दुप्पट दंड मागितला. साठ पैसे. नकाशा कचेरीतला कारकून म्हणाला, आम्ही नाही भरत. पाकीट न उघडता परत आलं. तोवर अर्जाची मुदत संपली होती. धाकटा त्यानंतर जन्मभर दुकानांच्या पाट्या रंगवत राहिला.

यात चूक कुणाची ते शेंबडं पोरही सांगेल. तिकडचा काटा खोटा होता. धाकटा तेव्हा मला एवढंच म्हणाला होता की दादा, चुकलं म्हण, मी विसरून जातो. आता न केलेली चूक मी कशी कबूल करणार? तो उठून गेला, तो आजतागायत आला नाही. रस्त्यात दिसला तर मी पलीकडच्या बाजूला जातो. तोही जातो. त्यामुळे कधीकधी आम्ही पुन्हा एकाच बाजूला येतो.

दरग्रंथाचा या प्रकरणाशी काही संबंध नाही.

६ फेब्रुवारी, सकाळी ७

संबंध आहे, पण चांगल्या अर्थाने. मी धाकट्यासमोर पुरावा ठेवणार. १ मार्चच्या आत. तो वाचेल, त्याचा चेहरा पडेल, तो माझी माफी मागेल आणि मी मोठ्या मनाने त्याला माफ करेन. माफ करताना काय बोलायचं तेही ठरवलं आहे.

सौ.चं म्हणणं, एका दिवसाचा दर काढायचा तर तो काढा आणि जा, त्याला शंभर वर्षं कशाला? तिला संशोधनाची पद्धत माहीत नाही. फक्त त्या दिवसाचा दर काढून दाखवला तर धाकटा म्हणेल, सोयीचा तेवढा काढला. शंभर वर्षांचे सगळे दर बरोबर निघाले तर मधला एकच दिवस चुकेल कसा?

८ फेब्रुवारी

शंभर वर्षांपूर्वी पार्सलचा दर अंतरावरही अवलंबून होता. त्यामुळे अंतरं मोजणं आलं. भिंतीवरचा नकाशा खाली काढून त्यावर सौ.चा शिवणाचा दोरा ठेवून मोजतो आहे. दोरा सैल धरला तर तीनशे दहा मैल येतात, ताणून धरला तर दोनशे ऐंशी. मधला आकडा घेतला. त्या काळचे लोकही असंच करत असणार.

सौ.ने दोरा परत मागितला. दिला. तिचं म्हणणं, हा आता सुईत जाणार नाही.

९ फेब्रुवारी, सकाळी ११

नुसते आकडे कोरडे वाटतात. प्रत्यक्ष नमुने हवेत. म्हणून घरातल्या वस्तू स्वयंपाकघरातल्या काट्यावर तोलून त्या वेगवेगळ्या वर्षी पाठवतो आहे, अर्थात कागदावर. इस्त्री, नव्वद वर्षांपूर्वी, तीनशे मैल. कुकर (झाकणासह), सत्तर वर्षांपूर्वी, चाळीस मैल. कुकर (झाकणाशिवाय), तेच. झाकण स्वतंत्र पाठवलं तर एकूण खर्च वाढतो. हा शोध पूर्वी कुणी लावला असेल असं वाटत नाही.

९ फेब्रुवारी, दुपारी १.३०

सौ.ने विचारलं, इस्त्री कुठे आहे. मी म्हटलं, वाटेत. तिने त्यावर जे विचारलं ते इथे लिहीत नाही. जेवण उशिरा, कारण झाकण पलंगाखाली गेलं होतं.

१० फेब्रुवारी

जावई आला होता. सज्जन माणूस, पण लॅपटॉप उघडल्याशिवाय त्याला शिंकही येत नाही. म्हणाला, बाबा, सगळे दर एका शीटमध्ये टाकू, वजन आणि तारीख लिहिली की उत्तर येईल, अर्ध्या तासाचं काम. मी त्याला शांतपणे समजावलं की अर्ध्या तासात होणाऱ्या कामाला संशोधन म्हणत नाहीत. तो सौ.कडे बघून हसला. सौ.ही हसली. या घरात माझ्या मागे काहीतरी शिजतं आहे.

१३ फेब्रुवारी, दुपारी २

माझ्याकडची जुन्या परिपत्रकांची ट्रंक उघडली. चौतीस वर्षं एकेक जपून ठेवलेलं, आणि आमच्या साहेबांनी दिलेलं त्यांच्या आधीचंही. मधली बारा वर्षं वाळवीने खाल्ली आहेत. खाताना तिने क्रम पाळला आहे, हे तिच्या बाजूने म्हणता येईल.

बारा वर्षांसाठी माझ्या जुन्या कचेरीत गेलो. तीन नंबरच्या खिडकीत हल्ली एक बाई बसतात. मी थेट खिडकीशी गेलो तर म्हणाल्या, टोकन घ्या. मी म्हटलं, बाई, या खुर्चीत मी चौतीस वर्षं काढली आहेत. त्या म्हणाल्या, ती खुर्ची मोडीत गेली काका, टोकन घ्या. सत्तावन्न नंबर आला. चाळीस मिनिटं बाकावर बसलो. आमच्या वेळी मी माणसाला चाळीस मिनिटं बसवत नसे, उभंच ठेवत असे.

नंबर आल्यावर त्यांनी विचारलं, काय पाठवायचंय? मी म्हटलं, इस्त्री. कधी? मी म्हटलं, अठ्ठावन्न वर्षांपूर्वी. माझ्या मागे उभ्या असलेल्या गृहस्थांनी मला दंडाला धरून जपून बाजूला घेतलं आणि घरी कुणी आहे का, असं विचारलं.

जुनी परिपत्रकं रद्दीत गेल्याचं बाईंनी सांगितलं. वाईट वाटलं त्यांना. मला तसं वाटलं.

त्या बारा वर्षांचे दर अंदाजाने भरले. अनुभवी अंदाजाने.

१६ फेब्रुवारी

पंधरा दिवस पुरे. शंभरपैकी एकोणीस वर्षं झाली. याला उशीर म्हणणं चुकीचं आहे. पाया घालायलाच वेळ लागतो, भिंती भराभर उठतात.

सौ. आज जावेकडे जाऊन आली. सामान बांधायला मदत करत होती म्हणे. म्हणाली, तुम्ही एक रकाना आखता तेवढ्यात मी जाऊन, चार खोकी बांधून, चहा पिऊन परत आले. मी विचारलं, धाकटा माझ्याबद्दल काही बोलला का? नाही म्हणाली. मग मी विचारलंच नव्हतं असं दाखवलं.

१८ फेब्रुवारी, रविवार, दुपारी १

आज तिकीटसंग्राहक मंडळात माझं व्याख्यान. विषय: गेल्या शतकातील पार्सल दर, एक दृष्टिक्षेप. शिंप्याच्या दुकानावरची खोली, खुर्च्या वीस. श्रोते चौदा होते. सुरुवातीला.

पहिल्या तासानंतर नऊ. त्यात दोघं झोपलेले, पण झोपलेला माणूस निघून जात नाही, हे त्याच्या बाजूने धरायला हवं. कुकरच्या झाकणाचा मुद्दा आला तेव्हा एकाने टाळी वाजवली. नंतर कळलं, डास होता.

शेवटी मंडळाचे सेक्रेटरी उभे राहिले. त्यांना सगळे भिंगवाले म्हणतात, कारण भिंग गळ्यातच असतं, जेवतानाही. म्हणाले, बेचाळिसाव्या वर्षाच्या रकान्यात चूक आहे, त्या वर्षी सहा आठवडे जादा आकार लागू होता, तो धरलेला नाही. माझ्याकडे त्या सहा आठवड्यांची पाकिटं आहेत.

मी म्हटलं, ते वर्ष वाळवीचं आहे. ते म्हणाले, म्हणजे? मी म्हटलं, वाळवीलाच विचारा. सभा तिथेच संपली.

मी मुळीच चिडलो नव्हतो. खुर्ची आपोआप पडली.

२० फेब्रुवारी

जादा आकार धरून पुन्हा मांडणी. एक आकडा बदलला की पुढच्या सगळ्या बेरजा बदलतात. खोडरबर संपला. भिंगवाल्यांचा काही संबंध नाही, मला स्वतःलाच तो आकडा सुरुवातीपासून खटकत होता.

२३ फेब्रुवारी, सकाळी ९

अठ्ठेचाळीस वर्षं झाली. पाठीला उसण. डॉक्टर म्हणाले, वाकून बसू नका. इतिहास ताठ बसून लिहिता येत नाही, असं त्यांना सांगितलं. त्यांनी गोळ्या वाढवल्या.

२५ फेब्रुवारी

सौ.ने निर्वाणीचं सांगितलं. म्हणाली, पाच दिवस राहिलेत. तो गेल्यावर ही वही घेऊन बसा आयुष्यभर, मी रेघा मारून देईन. पण तो जायच्या आत एकदा त्याच्यासमोर उभे राहा. काही बोलू नका हवं तर. आवाज चढवून बोलली असती तर मी उत्तर दिलं असतं. तशी बोलली नाही, म्हणून पंचाईत झाली.

२६ फेब्रुवारी, सकाळी १०.१५

संशोधनाच्या सोयीसाठी मधली वर्षं ओलांडून थेट त्या ३० जूनवर आलो. ट्रंकेत त्या वर्षीचं परिपत्रक शाबूत आहे. पहिल्या वीस ग्रॅमला साठ पैसे. पुढच्या दर दहा ग्रॅमला किंवा त्याच्या भागाला तीस. पन्नास ग्रॅमला म्हणजे साठ अधिक नव्वद. दीडशे पैसे.

मी किती लावले होते? दीडशे!

तीनदा ताळा केला. दीडशे, दीडशे, दीडशे. सत्तावीस वर्षं आणि आठ महिने माझ्या डोक्यावर असलेला डाग आज माझ्याच हाताने पुसला गेला. स्वयंपाकघरात जाऊन सौ.ला सांगितलं. ती म्हणाली, बरं झालं, आता चप्पल घाला.

उद्या जातो. आज शर्टाला इस्त्री नाही.

२७ फेब्रुवारी, दुपारी १२.३०

जाऊन आलो.

दुकान अर्धं रिकामं. शिड्या दोरीने बांधलेल्या, रंगाचे डबे खोक्यांत, टर्पेंटाइनचा वास. न विकलेल्या पाट्या भिंतीकडे तोंड करून उभ्या. धाकटा खाली बसून ब्रश एकेक करून वर्तमानपत्रात गुंडाळत होता. इतका पांढरा झाला असेल असं वाटलं नव्हतं. रस्त्याच्या पलीकडून एवढं दिसत नाही.

म्हणाला, ये दादा, बस. स्टूल फडक्याने पुसून दिलं. मी ठरवलेलं वाक्य बोलणार होतो, पण ते नंतरचं होतं, आधी पुरावा. वही उघडली आणि शंभर वर्षांपूर्वीपासून वाचायला लागलो. पंचवीस मिनिटं वाचलं. तो ऐकत होता. मधे एकदा वहिनींना (म्हणजे त्याच्या बायकोला, मी तिला वहिनी म्हणत नाही, आज तोंडातून गेलं) चहा टाकायला सांगितलं.

त्या ३० जूनवर आलो. साठ अधिक नव्वद, दीडशे. वही त्याच्यासमोर धरली. तो म्हणाला, दर बरोबरच होता दादा. दर चुकला असं मी कधी म्हटलंच नाही.

मग त्याने ड्रॉवर उघडून ते पाकीट काढलं. तसंच, न उघडलेलं. रंग मिसळायला त्याच्याकडे एक बारीक काटा आहे, त्यावर ठेवलं.  मीच वाचलं. बावन्न ग्रॅम.

मी म्हटलं, सत्तावीस वर्षांची धूळ आहे ही. त्याने पाकीट उचललं, दोन्ही बाजूंनी फुंकर मारली, पुन्हा ठेवलं. बावन्न.

पाकिटावर दोन्ही बाजूंना तिकिटंच तिकिटं. पाच पैशांची. समोर बारा, मागे अठरा. पत्ता कसाबसा मधे बसवलेला.

मी वही उचलून निघालो. चहा राहिला.

२८ फेब्रुवारी, सकाळी ७

कागद हवेतला ओलावा शोषून घेतो, हे सर्वांना माहीत आहे. शिवाय परत पाठवताना मारलेल्या शिक्क्याची शाई आहे. शाईला वजन असतं. शिवाय त्याचा काटा रंगाचा. रंगाच्या काट्यावर टपाल तोलणं हेच मुळात बेकायदेशीर असावं.

२८ फेब्रुवारी, सकाळी १०

निवृत्तीच्या दिवशी आठवण म्हणून मी तिकिटांचे काही ताव विकत घेऊन ठेवले होते. त्यातली तीस तिकिटं फाडून सौ.च्या काट्यावर ठेवली. दोन ग्रॅम.

काटा बिघडला आहे.

२८ फेब्रुवारी, सकाळी १०.२०

इस्त्री ठेवून बघितली. काटा बिघडलेला नाही. तिकिटं पुन्हा ठेवली. दोन.

२८ फेब्रुवारी, दुपारी ३

पाकीट मी तिकिटं लावायच्या आधी तोललं होतं. पन्नास ग्रॅम, कणभरही जास्त नाही. त्यावर दोन ग्रॅमची तिकिटं मी लावली.

दोन तिकिटांत काम झालं असतं. एक रुपयाचं एक आणि पन्नास पैशांचं एक. खणात दोन्ही होती. पण ३० जून म्हणजे महिनाअखेर. पाच पैशांची तिकिटं कुणी घेत नसे आणि दर महिनाअखेरीला तो गठ्ठा मोजून वहीत लिहायचा मला कंटाळा यायचा. परक्याच्या पाकिटावर तीस तिकिटं चिकटवली असती तर तो ओरडला असता. धाकटा ओरडणार नव्हता. खपवली त्याच्या पाकिटावर. तो म्हणाला होता, दादा, रजिस्टर करू या का? मी म्हटलं, मी बसलोय ना इथे.

घरी जाताना गठ्ठा संपला म्हणून खुशीत होतो.

हे मला आज आठवलं असं नाही.

२८ फेब्रुवारी, दुपारी ४.४५

तरीही. वजन तिकिटांसह धरायचं, असं नियमात लिहिलेलं तरी आहे का? नियमांचं पुस्तक काढलं. नियम एक्केचाळीस. लिहिलेलं आहे. माझ्याच अक्षरात त्याखाली रेघ मारलेली आहे, सरळ.

नियमच मूर्खासारखा आहे. सरकारने स्वतःची तिकिटं लावायला सांगायची आणि त्यांचंच वजन गिऱ्हाइकाच्या नावावर घालायचं, हा कुठला न्याय? यावर वरिष्ठांना लिहिणार आहे. सविस्तर.

१ मार्च, सकाळी ८

त्यांची गाडी दहाची. सौ. तयार होऊन दारात उभी राहिली आणि विचारलं, येताय ना? मी म्हटलं, गुडघा दुखतोय. तिने विचारलं, कोणता? मी डावा म्हटलं. ती म्हणाली, काल उजवा होता. आणि गेली.

१ मार्च, दुपारी १२

ती आली. एक चिठ्ठी टेबलावर ठेवली, त्यांचा नवा पत्ता.  मी बराच वेळ वर्तमानपत्र वाचलं. मग तीच म्हणाली की गाडी सुटेपर्यंत तो तिच्या मागे बघत होता, आणखी कुणी येतंय का म्हणून.

मला फार वाईट वाटलं. इथे लिहायला हरकत नाही, ही वही कुणी वाचत नाही.

४ मार्च, सकाळी ११

पत्र लिहायचं त्याच दिवशी ठरवलं होतं. टपाल खात्याचा माणूस आहे मी. महत्त्वाचं ते टपालानेच गेलं पाहिजे, फोनवर बोललेलं वाऱ्यावर जातं. (सौ.ने दोनदा फोन लावून माझ्यापुढे धरला. दोनदा मी बाथरूममध्ये होतो.)

पहिले सहा मसुदे फाडले. एकात माफी मागितली गेली होती, दुसऱ्यात त्यालाच मागायला सांगितलं होतं. सातवा जमला. चार पानं. पहिल्या पानावर दरपद्धतीचा धावता आढावा, दुसऱ्यावर नियम एक्केचाळीसमधल्या त्रुटी, तिसऱ्यावर दोन परिच्छेदांमध्ये बेताने एक वाक्य, चौथ्यावर हवापाणी आणि गुडघा. वाक्य असं आहे: पाकीट तिकिटं लावण्याआधी तोललं, चूक माझी होती, आणि ते मला तेव्हाच कळलं होतं.

लिहायला तीन दिवस लागले. त्या वाक्याला तीन दिवस, बाकीच्या पानांना एक तास.

४ मार्च, दुपारी २

आता माझ्याकडून चूक होणे नाही. तिकिटं आधी लावली, मग पाकीट तोललं. चोवीस ग्रॅम, तिकिटांसह. चोवीसला लागणारी तिकिटं, माझ्याच तावांतली, अगदी नेमकी, कमी नाही की जास्त नाही.

सौ. म्हणाली, एकदा खिडकीवर विचारून घ्या. मी म्हटलं, चौतीस वर्षं जगाला दर सांगितलेल्या माणसाने दर विचारायला टोकन घेऊन बसायचं? कोपऱ्यावरच्या पेटीत टाकून आलो. पेटीत हात घालून ते नीट खाली पडलं ना, हेही पाहिलं. हात अडकला होता थोडा वेळ. दोन शाळकरी मुलींनी मदत केली.

७ मार्च

उत्तर नाही.

८ मार्च

उत्तर नाही. हल्लीचं टपाल खातं आमच्या वेळचं राहिलेलं नाही. आमच्या वेळी तिसऱ्या दिवशी पत्र हातात पडायचं. पडलं नाही तर आम्ही चौथ्या दिवशी ऐकून घ्यायचो.

१० मार्च

नाही. वाचून फाडलं असेल. फाडू दे. मी माझं कर्तव्य केलं. दरग्रंथ आजपासून पुढे चालू, एकोणपन्नासावं वर्ष.

एक रेघ मारली. तिरकी.

१२ मार्च, सकाळी ११.२०

फोन वाजला. सौ.ने घेतला, दोन मिनिटं हसून बोलली आणि माझ्या हातात दिला. बाथरूमकडे जाणारा रस्ता तिनेच अडवला होता.

धाकटा होता. म्हणाला, दादा, पत्र मिळालं. मी म्हटलं, आठ दिवस लागले? तो म्हणाला, अडकलं होतं. तिकिटं कमी होती. मी म्हटलं, शक्यच नाही, चोवीस ग्रॅमला इतकी इतकी, माझ्या निवृत्तीच्या दिवसाचा दर मला तोंडपाठ आहे. तो म्हणाला, दर दोन वर्षांपूर्वी वाढलाय दादा. दुप्पट दंड लागला. माझ्याकडे पावती आहे.

मी फोन दुसऱ्या कानाला लावला. मग म्हटलं, तू नाही म्हटलं असतंस तर ते परत आलं असतं. तो म्हणाला, म्हणूनच भरले.

 माफ करताना काय बोलायचं ते पाठ होतं, पण ते इथे बसत नव्हतं.  पलीकडे त्याच्या नव्या घरातला पंखा ऐकू येत होता. मग तो म्हणाला, सगळी चार पानं वाचली. पण दादा, चार पानांत कामाचं वाक्य एकच होतं. तेवढंच लिहिलं असतंस तर वीस ग्रॅमच्या आत बसलं असतं, लावलेली तिकिटंही पुरली असती.

फोन ठेवल्यावर तोलून पाहिलं. एक पान, एक पाकीट, तिकिटांसह. नऊ ग्रॅम.

त्याचं बरोबर आहे.